त्या रात्रीनंतरची त्रेपन्न वर्षं

१८९५ च्या सप्टेंबरात साउथ कॅरोलायनाच्या राजधानीत, कोलंबियात, नवी राज्यघटना लिहायला १६० सभासद जमले. त्यातले १५४ गोरे, सहा काळे. काम काय आहे हे सगळ्यांनाच माहीत होतं. काळ्यांचं मत कायमचं काढून घ्यायचं, आणि ते कायद्याच्या भाषेत इतकं नीट बसवायचं की वॉशिंग्टनच्या न्यायालयाला बोट ठेवायला जागा राहू नये. चर्चेच्या ओघात एक कलम आलं, गोऱ्या-काळ्यांच्या लग्नावर बंदी घालणारं. यावर फार बोलणं होईल असं कुणाला वाटलं नव्हतं. तेवढ्यात छप्पन्न वर्षांचा, अंगाने भरलेला एक काळा सभासद उठला. कलमाला त्याने एक पुस्ती सुचवली. जो गोरा काळ्या माणसाशी असे संबंध ठेवताना सापडेल त्याला राज्यात कुठलंही सरकारी पद मिळू नये, आणि त्या संबंधातून झालेल्या मुलाला बापाचं नाव लागावं, बापाच्या मालमत्तेत वाटाही मिळावा.

सभागृहाची चांगलीच पंचाईत झाली. पुस्ती पडली, ती पडणारच होती. मळ्यांवर पिढ्यान्‌पिढ्या काय चालत आलं हे तिथल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. ते कागदावर यायला नको, एवढंच. याच परिषदेत ‘काळा’ कोणाला म्हणायचं याची व्याख्या करताना जॉर्ज टिलमन हा गोराच सभासद बोलून गेला की या दालनात निर्भेळ गोऱ्या रक्ताचा माणूस एकही निघायचा नाही. पुस्ती मांडणारा रॉबर्ट स्मॉल्स गुलाम बाईच्या पोटी जन्मलेला. त्याचा बाप गोरा असावा असं चरित्रकार मानतात. मालकच, की त्या घरातला आणखी कोणी, यावर त्यांचं एकमत नाही. तेव्हा तो कुणाबद्दल बोलत होता हे वेगळं सांगायला नको.

अमेरिकेत आज स्मॉल्सचं नाव निघतं ते या प्रसंगामुळे नव्हे. ते निघतं १३ मे १८६२ च्या पहाटेमुळे. गुलामाने शत्रूची आगबोट पळवली ही गोष्ट सांगायला सोपी, ऐकायला गोड, आणि तिच्यात कुणाला फारसं अवघडल्यासारखं होत नाही. पण त्या रात्रीनंतर हा माणूस त्रेपन्न वर्षं जगला. त्यातली बरीचशी राज्याच्या राजकारणात गेली: घटना परिषदा, समित्या, मतपेट्या, छपाईची कंत्राटं, खटले, जकात कचेरी. त्याची खरी कामगिरी तिथे आहे असं मला वाटतं, आणि त्याच्यावरचे सगळे वादही तिथलेच. गेल्या दीडशे वर्षांत या वादांबद्दल लोकांनी कायकाय लिहिलं, तेही त्याच्या आयुष्याइतकंच बघण्यासारखं आहे.

तरी आगबोटीशिवाय चालायचं नाही, तेव्हा ती आधी आटपू.

५ एप्रिल १८३९ रोजी ब्यूफर्ट गावात, प्रिन्स स्ट्रीटवरच्या एका मोठ्या घराच्या मागच्या गुलामांच्या खोलीत त्याचा जन्म झाला. आई लिडिया घरकाम करणारी, मालक मॅकी कुटुंब. बाराव्या वर्षी मालकाने त्याला चार्ल्सटन बंदरात भाड्याने कामाला लावलं. राबायचं त्याने, मजुरी मालकाची, वर थोडी चिरीमिरी त्याला. हॉटेलात वाढपी, रस्त्यावरचे दिवे लावणारा, गोदीत हमाल, मग शिडं शिवणारा, असं करत करत तो सुकाणूपर्यंत पोचला. त्या पाण्यातली वाळूची प्रत्येक दांडी त्याला पाठ झाली. ‘पायलट’ हा हुद्दा मात्र गोऱ्यांचा. काळा तेच काम करत असला तरी त्याला म्हणायचं सुकाणूवाला. सतराव्या वर्षी हॅनाशी लग्न झालं. ती दुसऱ्या मालकाची, म्हणून पोटची मुलगीही त्याच मालकाची. बायको-मुलीला विकत घेण्याचा सौदा ८०० डॉलरला ठरला. साठले होते १००.

उत्तर आणि दक्षिण राज्यांतलं यादवी युद्ध सुरू झालं आणि ‘प्लँटर’ नावाची कापूस वाहणारी आगबोट दक्षिणेच्या सैन्याने कामाला घेतली. तिच्यावर स्मॉल्स सुकाणूला होता. १२ मेच्या रात्री गोरे अधिकारी हुकूम मोडून गावात झोपायला गेले. पहाटे तीनच्या सुमारास खलाशांनी वाफ धरली, दुसऱ्या धक्क्याजवळ लपलेली बायकामुलं उचलली, आणि स्मॉल्सने कॅप्टन रेलियाची रुंद काठांची गवती टोपी डोक्यावर चढवली. कॅप्टनच्या ढबीने हाताची घडी घालून तो सुकाणूच्या खोलीत खिडकीशी उभा राहिला. एकामागून एक तटबंदी मागे पडत गेली. शेवटची आणि सगळ्यांत धास्तीची फोर्ट सम्टर. तिथे पोचेपर्यंत उजाडत आलं होतं. ठरलेली खूण शिट्टीने दिली: दोन लांब, एक आखूड. पहारेकऱ्याने जाऊ दिलं. तोफांच्या टप्प्याबाहेर पडल्यावर दक्षिणेचा झेंडा खाली आला आणि पांढरी चादर वर चढली. बोटीवर चार तोफा माल म्हणून लादलेल्या होत्या, बंदरातल्या सुरुंगांची माहिती स्मॉल्सच्या डोक्यात होती, आणि सोळा माणसं त्या सकाळी गुलाम राहिली नाहीत.

बक्षिसाचा हिशेब मात्र बघण्यासारखा आहे. पळवलेल्या मालाची निम्मी किंमत खलाशांना द्यावी असा कायदा झाला, पण सरकारी मूल्यांकनात बोट आणि तोफा मिळून नऊ हजार डॉलरच्या थोड्या वर धरल्या. स्मॉल्सच्या वाट्याला १,५०० आले. वीस वर्षांनी काँग्रेसच्याच समितीचं म्हणणं पडलं की बोट साठ हजारांच्या वरची होती. फरकातले काही पैसे हातात पडायला १९०० साल उजाडलं. शौर्याचं कौतुक भरपूर आणि रोखीत काटछाट, हे त्याला आयुष्यभर भोवलं.

त्याच उन्हाळ्यात तो वॉशिंग्टनला गेला आणि युद्धमंत्री स्टँटनचा हुकूम घेऊन परतलेल्यांत होता; त्या हुकमाने पोर्ट रॉयल भागात पाच हजारांपर्यंत काळे सैनिक भरती करायला परवानगी मिळाली. १८६४ मध्ये बोट दुरुस्तीला फिलाडेल्फियाला नेली तेव्हा, गुलामगिरी नसलेल्या त्या शहरात, ट्रामच्या आतल्या जागेवरून त्याला उठवलं गेलं. प्रकरण गाजलं, १८६७ मध्ये पेनसिल्व्हेनियाने ट्रामगाड्यांतला भेदभाव कायद्याने बंद केला. त्याच फिलाडेल्फियात पंचविसाव्या वर्षी शिकवणी लावून तो नीट लिहा-वाचायला शिकला. साउथ कॅरोलायनात गुलामाला अक्षर शिकवणं हा गुन्हा होता, १७४० पासून लिहिणं आणि १८३४ पासून वाचणंही.

आणि १८६४ मध्येच त्याने एक घर घेतलं. युद्धाचा कर न भरलेल्या मालमत्ता सरकार ब्यूफर्टमध्ये लिलावात काढत होतं. प्रिन्स स्ट्रीटवरचं, ज्याच्या मागच्या खोलीत तो जन्मला तेच घर, सुमारे सहाशे डॉलरला. मॅकींनी ते आधीच डीट्रेव्हिल नावाच्या गृहस्थांना विकलं होतं. त्यांनी युद्धानंतर खटला भरला. तो देशाच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, आणि १८७८ मध्ये निकाल स्मॉल्सच्या बाजूने लागला. लिलावात सरकारकडून जमीन घेतलेल्या त्या बेटांवरच्या शेकडो काळ्या कुटुंबांच्या पायाखालची जमीन त्या निकालाने घट्ट झाली. आगबोटीच्या गोष्टीत हा खटला कुणी सांगत नाही. मला तो आगबोटीइतकाच महत्त्वाचा वाटतो.

राजकारणाचा पाया याच बेटांवर होता. १८६१ च्या नोव्हेंबरात उत्तरेच्या आरमाराने पोर्ट रॉयल घेतलं तेव्हा मळेवाले घरंदारं टाकून पळाले आणि दहा हजारांच्या आसपास गुलाम मागे राहिले. त्यांच्यासाठी शाळा निघाल्या, त्यांनी जमिनी घेतल्या, आणि युद्ध संपेपर्यंत दक्षिणेत इतरत्र कुठेही नसलेली एक गोष्ट ब्यूफर्टमध्ये तयार झाली: स्वतःच्या जमिनीवर उभा असलेला काळा मतदार. या लोकांची बोली गल्ला. आपल्या दुकानातल्या गल्ल्याशी तिचा संबंध नाही. आफ्रिकी भाषा आणि इंग्रजी यांच्या मिसळीतून ती घडली. स्मॉल्स ती घरच्यासारखी बोले. बेटांवर त्याला मत मागायला दुभाषी लागत नव्हता, आणि त्याच्या पन्नास वर्षांच्या टिकाऊपणाचं निम्मं रहस्य यातच असावं.

१८६८ च्या जानेवारीत चार्ल्सटनमध्ये राज्याची घटना परिषद भरली. १२४ सभासद, त्यातले ७६ काळे. साउथ कॅरोलायनाची लोकसंख्या तेव्हा सात लाखांच्या आसपास, तिच्यात काळे बहुसंख्य. म्हणजे बहुसंख्यांना बहुमत मिळालं, यापलीकडे त्यात काही चमत्कारिक नव्हतं. गोऱ्या वृत्तपत्रांना मात्र तो जगबुडीचा दिवस वाटला. या परिषदेत स्मॉल्सने सर्व वर्गांतल्या मुलांसाठी मोफत, सक्तीच्या शाळा काढण्याचा ठराव मांडला. ज्याच्या आईला अक्षर शिकवणं गुन्हा ठरलं असतं, ज्याला स्वतःला वाचता येऊन चार वर्षं झाली होती, त्याने मांडलेला हा ठराव. घटनेत सार्वजनिक शाळांची तरतूद झाली, मतासाठी मालमत्तेची अट गेली, कर्जापायी तुरुंग बंद झाला, विवाहित बाईच्या मालमत्तेला संरक्षण मिळालं आणि त्या राज्यात पहिल्यांदा घटस्फोटाला जागा झाली. ही घटना मतदारांपुढे ठेवून त्यांच्याकडून मंजूर करून घेतली गेली. ही गोष्ट लक्षात ठेवावी. पुढे तिचं काम पडणार आहे.

शाळा कागदावर राहिल्या नाहीत. सक्ती कधी नीट अमलात आली नाही, आणि काळी-गोरी मुलं एका वर्गात बसण्याची तरतूद बहुतेक ठिकाणी तरतूदच राहिली. पण १८७६ पर्यंत राज्यातल्या सार्वजनिक शाळांत एक लाखाच्या वर मुलं जात होती, त्यांत गरीब गोऱ्यांची मुलंही हजारोंनी. युद्धापूर्वी गरीब गोऱ्यांसाठीच्या शाळाही नावापुरत्याच होत्या. ‘काळ्यांच्या राज्याने आपलं वाटोळं केलं’ म्हणणाऱ्या अनेक गोऱ्या घरांत पहिली पाटी या राज्यातच आली.

इथे आपल्याकडचा एक धागा येतो. १८७३ साली जोतीराव फुल्यांनी ‘गुलामगिरी’ अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना अर्पण केली, निग्रो गुलामांना दास्यातून सोडवल्याबद्दल. ही अर्पणपत्रिका आपण बहुधा लिंकनच्या आठवणीने वाचतो. पण लिंकनला जाऊन तेव्हा आठ वर्षं झाली होती. पुस्तक निघालं त्या साली साउथ कॅरोलायनाच्या विधानसभेत काळ्यांचं बहुमत होतं, आणि राज्याच्या सिनेटमध्ये ब्यूफर्टचा प्रतिनिधी म्हणून स्मॉल्स बसत होता. सुटलेले गुलाम नुसते सुटले नव्हते, कायदे करत होते. पुढे १८८२ मध्ये हंटर आयोगापुढे जोतीरावांनी बारा वर्षांपर्यंतच्या मुलांसाठी प्राथमिक शिक्षण सक्तीचं करा असं सांगितलं. दोघांना एकमेकांची नावं ठाऊक असण्याचं कारण नाही. पण विद्येविना काय काय गेलं हे दोघांनी जवळून पाहिलेलं होतं, आणि हातात अधिकार किंवा व्यासपीठ येताच दोघांनी पहिलं मागितलं ते तेच.

स्मॉल्स १८६८ ते १८७० विधानसभेत होता. १८७० मध्ये सिनेटर जोनाथन राइट राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती झाला (कुठल्याही राज्यात त्या पदावर बसलेला तो पहिला काळा माणूस) आणि त्याची रिकामी जागा स्मॉल्सकडे आली. १८७५ मध्ये तो वॉशिंग्टनला प्रतिनिधिगृहात गेला. मधल्या काळात राज्याच्या मिलिशियात मोठ्या हुद्द्यावर चढला. १८७६ मध्ये कॉम्बही नदीकाठच्या भातशेतांत मजुरांनी संप केला, मजुरी पैशांऐवजी मळ्याच्या दुकानातच चालणाऱ्या चिठ्ठ्यांत मिळते म्हणून. मळेवाल्यांनी संप मोडायला सशस्त्र माणसं जमवली. स्मॉल्स तिथे गेला, दोन्हीकडची हत्यारं म्यान करवली, आणि रक्तपात न होता प्रकरण निवळलं. त्याचं राजकारण असंच होतं. त्याच्या भाषणांवर कुणी पुस्तक काढणार नाही. तो जाई, उभा राही, सौदा करून परत येई.

आता लाचेचं प्रकरण. ते टाळून स्मॉल्सवर लिहिणं म्हणजे अर्धं लिहिणं.

युद्धानंतरच्या, पुनर्रचनेच्या काळात साउथ कॅरोलायनाच्या सरकारात भ्रष्टाचार होता, आणि भरपूर होता. रेल्वेच्या रोख्यांत पैसे खाल्ले गेले, भूखंड आयोगाच्या सुरुवातीच्या खरेदीत खाल्ले गेले, सरकारी छपाईत तर उघड खाल्ले गेले. १८७२ ते १८७४ चा गव्हर्नर फ्रँकलिन मोझेस याचं नाव निव्वळ लुटारू म्हणून राहिलं. तो गोरा होता. खरं तर त्या सगळ्या वर्षांत राज्याचा प्रत्येक गव्हर्नर गोराच होता, आणि रोख्यांचे मोठे व्यवहार करणारे बहुतेक दलालही. पण पुढे बदनामीची पावती फाटली ती विधानसभेतल्या काळ्या आमदारांच्या नावाने.

छपाईचा घोटाळा असा चाले. सरकारी छपाईचं कंत्राट ज्या कंपनीकडे, तिच्या मालकांपैकी एक सिनेटचाच कारकून, जोसेफस वुडरफ. कंपनी वाढीव बिलं लावी, ती सभागृहातून मंजूर व्हायला मतं लागत, आणि मतांना पैसे. स्मॉल्स सिनेटच्या छपाई समितीचा अध्यक्ष होता. १८७७ मध्ये, सरकार डेमोक्रॅट पक्षाकडे गेल्यावर, वुडरफला राज्याबाहेरून पकडून आणलं आणि त्याला माफीचा साक्षीदार केलं. त्याच्या म्हणण्याप्रमाणे १८७३ च्या जानेवारीत त्याने स्मॉल्सला ५,००० डॉलर दिले. बँकेच्या नोंदीही दाखवल्या गेल्या. स्मॉल्सला तीन वर्षांच्या सक्तमजुरीची शिक्षा झाली. तुरुंगात तो तीन दिवस होता, मग अपिलावर सुटला. राज्याच्या वरिष्ठ न्यायालयाने शिक्षा कायम केली. १८७९ मध्ये गव्हर्नर सिम्पसनने त्याला माफी दिली, आणि दुसऱ्या बाजूने केंद्र सरकारने निवडणुकीत दंगा केल्याबद्दल साउथ कॅरोलायनाच्या डेमोक्रॅटांवर भरलेले खटले मागे घेतले. इतकी सरळ अदलाबदल.

खटला राजकीय होता, यात मला शंका वाटत नाही. ज्यांना राज्यातून घालवायचं होतं त्यांच्यातले निवडक पकडले गेले. जे डेमोक्रॅट किंवा पैसेवाले गोरे त्याच व्यवहारांत होते त्यांना हात लागला नाही. खासदारकी सोडली तर खटला सोडू, असा निरोप आपल्याला आला होता असं स्मॉल्सने पुढे सांगितलं, आणि त्याने ती सोडली नाही. एवढं सगळं खरं. पण खटला राजकीय म्हणून आरोपी आपोआप निर्दोष ठरत नाही. वुडरफ फुटलेला साक्षीदार होता, त्याच्या शब्दाला किंमत नव्हती. बँकेच्या नोंदीला थोडी तरी होती. मला वाटतं, त्या समितीत बसून, त्या काळात, हात पूर्ण कोरडे ठेवणारा माणूस विरळा, आणि स्मॉल्स त्या विरळांत असेलच असं छातीठोकपणे म्हणता येत नाही. आजचे काही भक्त त्याला धुऊन काढतात, ते कशाला? गोऱ्या आमदाराने लाच खाल्ली तर तो लाचखाऊ ठरतो. काळ्याने खाल्ली तर सगळी जात राज्य करायला नालायक ठरते. अन्याय या दुसऱ्या वाक्यात आहे. त्यासाठी पहिलं पुसायची गरज नाही.

राज्य गेलं ते लाचेमुळे नाही, बंदुकीमुळे. १८७६ च्या जुलैत हॅम्बर्ग गावात काळ्या मिलिशियाला गोऱ्या टोळ्यांनी घेरलं आणि शरण आलेल्यांना वेचून मारलं. लाल सदरे घातलेल्या घोडेस्वारांच्या टोळ्या प्रत्येक सभेला येऊन उभ्या राहू लागल्या. डेमोक्रॅट वेड हॅम्प्टन गव्हर्नर झाला, १८७७ च्या एप्रिलात केंद्राची फौज निघाली आणि सगळं संपलं. योगायोग असा की ‘प्लँटर’ आगबोटही १८७६ मध्येच केप रोमेनजवळ बुडाली. १८७८ च्या प्रचारात गिलिसनव्हिल इथे लाल सदऱ्यांनी स्मॉल्सची सभा घेरली. तो आणि त्याचे सोबती एका दुकानात अडकले, बाहेरून गोळ्या आल्या. बातमी पसरली तसे आजूबाजूच्या वस्त्यांतले काळे लोक हाताला लागेल ते घेऊन धावले, म्हणून तो वाचला. निवडणूक हरला. विजेता जॉर्ज टिलमन, वर ज्याचं स्पष्टवक्तेपण सांगितलं तोच. त्याचा धाकटा भाऊ बेन हॅम्बर्गच्या कत्तलीतल्या टोळीत होता, आणि ते तो पुढे अमेरिकन सिनेटमध्ये अभिमानाने सांगे.

बंदुकीचा आवाज फार होतो, वृत्तपत्रांत येतो. म्हणून १८८२ मध्ये राज्याने मतपेट्यांचा कायदा केला. आठ पेट्या, प्रत्येक पदासाठी वेगळी, वर पदाचं नाव लिहिलेलं. चिठ्ठी चुकीच्या पेटीत पडली की बाद. ज्याला वाचता येत नाही त्याने काय करावं? शेजाऱ्याला विचारून क्रम पाठ करून यावं, तर आत पेट्यांचा क्रम बदललेला. मदत मागायची तर ती फक्त निवडणूक अधिकाऱ्याकडे, आणि अधिकाऱ्याची माया कुणावर हे सगळ्यांना माहीत. कायद्यात ‘काळा’ हा शब्द कुठेही नव्हता. आरडाओरडा नाही, रक्त नाही. बहुतेक काळे जिल्हे एकाच वेड्यावाकड्या मतदारसंघात कोंबून बाकीचे निर्धास्त केले, आणि त्या एका मतदारसंघातून स्मॉल्स १८८४ मध्ये पुन्हा निवडून गेला. १८८६ मध्ये तो मतदारसंघही हातून गेला. त्यानंतर ब्यूफर्टच्या जकात कचेरीचा कलेक्टर, १८८९ पासून, मधली काही वर्षं वगळता १९१३ पर्यंत. राष्ट्राध्यक्ष विल्सनच्या राजवटीत तीही नोकरी गेली.

या सगळ्याच्या मधोमध १८९५ ची परिषद. तिचा कर्ता बेन टिलमन. तिथे आलेल्या सहा काळ्यांपैकी पाच ब्यूफर्टचे, कारण दुसरीकडून काळा माणूस निवडून येणं आता जवळजवळ अशक्यच झालं होतं. मताधिकाराच्या कलमाची बांधणी अशी होती: राज्यात दोन वर्षं वास्तव्य, निवडणुकीच्या सहा महिने आधी डोईपट्टी भरल्याची पावती, वाचता-लिहिता यावं किंवा ३०० डॉलरची मालमत्ता असावी, पण १८९८ पर्यंत, ज्याला वाचता येत नाही त्याने घटनेचं कलम ऐकून त्याचा अर्थ सांगितला तरी चालेल. अर्थ बरोबर की चूक हे ठरवणार नोंदणी अधिकारी. अडाणी गोऱ्यासाठी ठेवलेलं हे मागचं दार. कोणत्या गुन्ह्यांनी मत जाईल याची यादीही होती: घरफोडी, चोरी, जाळपोळ, बायकोला मारहाण, व्यभिचार. काळे जे गुन्हे करतात असं गोऱ्यांना वाटे ते वेचून घेतले. खून यादीत नव्हता.

टिलमनने स्मॉल्सच्या जुन्या शिक्षेचं प्रकरण सभागृहात उकरून काढलं. स्मॉल्सने सुनावलं की खटला माझा नाही, इथे प्रश्न मताचा आहे. त्याच्या भाषणाचा आशय असा होता की माझ्या लोकांना खास बचावाची गरज नाही, इतरांसारखी संधी मिळाली की पुरे. घटना तयार झाल्यावर त्याने सही केली नाही. सही न करणाऱ्याला प्रवासखर्च मिळणार नाही असं सांगण्यात आलं; चालत घरी जाईन, पण सही करणार नाही, असं तो म्हणाला अशी नोंद आहे. ही घटना मतदारांपुढे ठेवली गेली नाही. परिषदेने मंजूर केली आणि १८९६ च्या १ जानेवारीपासून लागू झाली.

त्यानंतर या इतिहासाचं काय झालं हे पाहण्याजोगं आहे. १८७४ मध्येच जेम्स पाइक या उत्तरेतल्या पत्रकाराने साउथ कॅरोलायनाच्या विधानसभेचं जे विद्रूप चित्र काढलं, ते पन्नास वर्षं पुरावा म्हणून फिरत राहिलं. न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात विल्यम डनिंग या प्राध्यापकाच्या विद्यार्थ्यांनी एकेक राज्य घेऊन पुनर्रचनेचा इतिहास लिहिला. सूर एकच: अडाण्यांच्या हाती राज्य गेलं, राज्याची माती झाली. मग सिनेमा आला. १९१५ च्या ८ फेब्रुवारीला लॉस एंजेलिसमध्ये ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ लागला. त्यात साउथ कॅरोलायनाच्या विधानसभेचं दृश्य आहे: अनवाणी पाय टेबलावर, हातात बाटली, असे काळे आमदार. १८ तारखेला तो व्हाइट हाउसमध्ये दाखवला गेला. २३ तारखेला प्रिन्स स्ट्रीटवरच्या घरात स्मॉल्स वारला, वय पंच्याहत्तर. दृश्यात ज्यांची टर उडवली होती त्या आमदारांपैकी तो एक.

त्या फेब्रुवारीत बाबासाहेब आंबेडकर न्यूयॉर्कच्या कोलंबियात शिकत होते, ज्या विद्यापीठात डनिंग अजून शिकवत होते तिथेच. पुढे १९४६ मध्ये संयुक्त राष्ट्रांकडे न्याय मागण्याच्या संदर्भात त्यांनी ड्यू बॉइस यांना पत्र लिहिलं. १९३५ मध्ये काळ्यांच्या पुनर्रचनेवर मोठा ग्रंथ लिहून डनिंगपंथाच्या इतिहासाला पहिला ठोस जबाब दिला तो याच ड्यू बॉइसनी. विद्यापीठांनी त्याकडे बराच काळ काणाडोळा केला. नागरी हक्कांच्या चळवळीनंतर वारं फिरलं. ओकॉन उया या नायजेरियन अभ्यासकाने १९७१ मध्ये स्मॉल्सचं चरित्र लिहिलं. टॉमस होल्टने १९७७ मध्ये या राज्यातल्या २५५ काळ्या लोकप्रतिनिधींचा अभ्यास करून एक नको असलेला मुद्दा मांडला: युद्धाआधीच स्वतंत्र असलेले, उजळ रंगाचे, शिकलेले काळे पुढारी आणि कालपरवा सुटलेले शेतमजूर यांचे हितसंबंध एक नव्हते, आणि ही फूटही राज्य जायला कारण झाली. एरिक फोनरने १९९३ मध्ये दक्षिणेतल्या सुमारे दीड हजार काळ्या पदाधिकाऱ्यांची सूची छापली. अडाण्यांच्या टोळीत सुतार, शिक्षक, पाद्री, शिंपी, शेतकरी असे नावानिशी लोक निघाले. होल्टचा मुद्दा मला पटतो, पण स्मॉल्स त्यात बसत नाही. तो रंगाने उजळ होता आणि गुलामही होता. घर मळेवाल्याचं आणि बोली गल्ला. दोन्हीकडे त्याचा पाय होता.

अलीकडे त्याच्या वाट्याला सन्मान बरेच आले. सैन्याच्या आणि आरमाराच्या जहाजांना त्याचं नाव आहे, ब्यूफर्टमध्ये पुनर्रचनेचं राष्ट्रीय स्मारक २०१७ मध्ये जाहीर झालं, आणि २०२४ मध्ये राज्याने कोलंबियाच्या विधानभवनाच्या आवारात त्याचा पुतळा उभारायचा कायदा केला. त्या आवारात बेन टिलमनचा पुतळा १९४० पासून आहे.

राज्याची घटना अजून १८९५ चीच आहे, दुरुस्त्यांनी पार बदललेली. डोईपट्टी, अर्थ सांगायची परीक्षा, वेगळ्या शाळा ही कलमं एकेक करून गेली. मागे राहिलं होतं ते गोऱ्या-काळ्यांच्या लग्नाचं, ज्याला स्मॉल्सने पुस्ती सुचवली होती तेच. १९६७ मध्ये देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने असे कायदे रद्द ठरवले, तरी कलम घटनेच्या पुस्तकात तसंच होतं. १९९८ च्या नोव्हेंबरात ते काढायचं की नाही यावर राज्यात मतदान झालं. शंभरातल्या बासष्ट जणांनी काढा म्हटलं. अडतीस जणांनी राहू द्या म्हटलं.